अनुबोधपटांचीं साधनें व त्यांची शहानिशा

इतिहासविषयक अनुबोधपट हल्लीं पुष्कळ निघतात. परंतु त्यांतील जुनीं चलच्चित्रें कोणत्या संग्रहांतून आलीं, हें क्वचितच सांगितलें जातें. पत्र छापतांना दफ्तराचा व रुमालाचा पत्ता देण्याची जी शिस्त आपण पाळतों, ती चित्रफितीसही लागू व्हावी, असें आमचें मत आहे.

चित्रफीत हें इतिहासाचें साधन होय, हा विचार जुनाच. पोलिश छायाचित्रकार बोलेस्लाव्ह मातुशेव्स्की यानें १८९८ सालीं पॅरिस येथें पुस्तिका प्रसिद्ध करून फितींचें स्वतंत्र दफ्तर मागितलें. १९२७ सालीं एस्फिर शुब या रशियन बाईंनीं रोमानोव्ह घराण्याच्या पतनावरील पट जुन्या फिती धुंडाळून रचिला. राजपरिवाराच्या हौसेखातर घेतलेलीं दृश्यें त्यांत झारशाहीविरुद्धच साक्ष देतात. आपल्याकडे तमिळ प्रवासलेखक ए. के. चेट्टियार यांनीं गांधीजींवरील पटासाठीं (१९४०) देशोदेशीं हिंडून सुमारें ५०,००० फूट फीत मिळविली.

परंतु मिळालेली फीत अस्सल कशावरून? सोमच्या लढाईवरील ब्रिटिश पट १९१६ चा. शिपाई खंदकांतून वर चढतात व कांहीं कोसळतात, हें त्यांतील सर्वांत प्रसिद्ध दृश्य. तें लढाईंत नव्हे, तर पिछाडीस मुद्दाम घडवून घेतलें, असा अभ्यासकांचा निर्णय आहे. पटाचा बहुतेक भाग खरा, आणि लोकांच्या स्मरणांत राहिला तो नेमका हा प्रक्षिप्त श्लोक! पुढील कित्येक पटांत तो अस्सल म्हणूनच उतरला.

कालनिर्णयाचें एक साधन फितीच्या कडेस असतें. ईस्टमन कोडॅकच्या फितींवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणा असून त्यांवरून निर्मितीचें वर्ष कळतें. मात्र संवत्सरनामें साठ वर्षांनीं फिरून येतात, तशा या खुणा वीस वर्षांनीं फिरून येत. शिवाय नक्कल काढतांना मूळ फितीची खूण नकलेंतही उमटते. लेखकूनें जुन्या पोथीचा शक जसाच्या तसा उतरावा, तशी. म्हणून केवळ खुणेवर विसंबूं नये. फितीचा पदार्थ, दृश्यांतील पोशाख व इमारती, आणि समकालीन वृत्तपत्रें यांशीं ती ताडून पाहावी.

हें काम लांबणीवर टाकण्याजोगें नाहीं. जुन्या नायट्रेट फिती ज्वालाग्राही असतात. पुण्यांतील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या (स्थापना १९६४) अशा फिती २००३ च्या जानेवारींतील आगींत भस्मसात् झाल्या. ज्यांच्या घरीं जुनीं रिळें असतील, त्यांनीं तीं यंत्रावर चढवूं नयेत, डब्यांवरील चिठ्ठ्या फेंकूं नयेत, व जाणत्यांकडून तपासून घ्यावीं. डब्यावरील एक ओळदेखील पुढील संशोधकास पुष्पिकेइतकीच मोलाची आहे.