गाठ लपवू नका

शेतात पायात काटा मोडतो, जखम चिघळते आणि दोन दिवसांनी जांघेत सुपारीएवढी दुखरी गाठ येते. आपल्या आज्या तिला अवधाण म्हणायच्या. जखम बरी झाली की गाठही जिरते. मान, काख, जांघ या ठिकाणी शरीराच्या जणू चौक्या असतात. त्यांना लसिका ग्रंथी म्हणतात. आत शिरलेला रोगजंतू तिथं अडवला जातो आणि त्या झटापटीत ग्रंथी सुजते. म्हणजे बहुतेक वेळा गाठ हा रोग नसतो, रोगाची वर्दी असते.

सव्वाशे वर्षांपूर्वी याच गाठीच्या भीतीनं आपली गावंच्या गावं ओस पडली होती. ती गोष्ट आज सांगणार आहे.

सप्टेंबर १८९६. मुंबईच्या मांडवी भागात माणसं तापानं फणफणू लागली. जांघेत, काखेत मोठ्या दुखऱ्या गाठी येत आणि काही दिवसांत माणूस जाई. मूळचे गोव्याचे डॉ. अकासियो व्हिएगस यांनी हा प्लेग असल्याचं ओळखलं. लोक त्याला गाठीचा ताप म्हणत. पुढं तो पुण्यात पोचला. प्लेगचा जंतू १८९४ मध्येच हाँगकाँगला सापडला होता, पण तो उंदरांवरच्या पिसवांमार्फत माणसात येतो हे सिमों नावाच्या फ्रेंच डॉक्टरांनी कराचीत दाखवलं, ते १८९८ मध्ये. पिसू बहुधा पायाला चावते, म्हणून गाठ जांघेत. १८९७ मध्ये हे सिद्ध झालं नव्हतं. गाठीला लेप लावायचा, पोटीस बांधायचं, पिकली तर चिरायची, असे उपाय केले जात.

सरकारनं फेब्रुवारी १८९७ मध्ये साथीच्या रोगांचा कायदा केला. पुण्यात रँड या अधिकाऱ्याच्या हाताखाली गोरे सोल्जर घरोघर शिरून रोगी शोधू लागले. आता विचार करा, गाठ येते काखेत आणि जांघेत. ती बघायची तर अंगावरचं लुगडं-चोळी बाजूला करावी लागणार. बायकांची अब्रू राहिली नाही, असा आकांत उठला. दवाखान्यात बायकांना मिळणाऱ्या वागणुकीवर पंडिता रमाबाईंनी उघड पत्र लिहून टीका केली. २२ जूनच्या रात्री चापेकर बंधूंनी रँडवर गोळी झाडली, हे आपण शाळेत शिकलोच.

शाळेत एक गोष्ट मात्र फारशी सांगत नाहीत. तपासणीच्या धाकानं लोक आजारी माणसं लपवू लागले. गाठ आलेली बाई घरातच झाकून ठेवली जाई. गाठ लपली, पण रोग लपला नाही. तो शेजारी गेला.

त्याच पुण्याजवळ, हडपसरच्या ससाणे मळ्यात, सावित्रीबाई फुले आणि त्यांचे डॉक्टर पुत्र यशवंतराव यांनी रोग्यांसाठी दवाखाना उघडला होता. मुंढव्याच्या एका आजारी मुलाला सावित्रीबाईंनी पाठीवर घेऊन तिथं आणलं, असं सांगतात. त्यांनाही प्लेग झाला आणि १० मार्च १८९७ ला त्या गेल्या. सावित्रीबाईंच्या दारात कुणाला काही लपवावं लागलं नाही.

आज प्लेगवर वेळेत दिली तर गुण देणारी औषधं आहेत. सोल्जरही गेले. लाज मात्र अजून आपल्या घरात आहे. आमच्या बचत गटातली एक ताई भर उन्हाळ्यात मानेभोवती पदर घट्ट लपेटून मीटिंगला यायची. तीन महिने मानेवर गाठ होती. ‘लोक काय म्हणतील, लेकीचं लग्न ठरायचंय,’ म्हणून पाल्याचा लेप लावत बसली. शेवटी दोघी जणी सोबत गेलो. सुईनं गाठीतलं पाणी काढून तपासलं. टीबी निघाला. जुनी माणसं याला गंडमाळ म्हणत. सरकारी दवाखान्यातून सहा महिने फुकट औषध मिळालं, तिनं एकही दिवस चुकवला नाही आणि ती बरी झाली. फुफ्फुसात टीबी नसेल तर नुसत्या गाठीच्या टीबीपासून दुसऱ्याला लागण होत नाही. म्हणजे तीन महिने ती उगाच घाबरली.

घसा दुखला, दाढ किडली, पोरीच्या डोक्यात उवांमुळे खाजवून जखमा झाल्या तरी मानेला गाठी येतात. मूळ दुखणं बरं झालं की त्या बसतात. पण गाठ दोन-तीन आठवड्यांत ओसरली नाही, वाढत गेली, दगडासारखी कडक लागली, गळ्याच्या हाडाच्या वर आली, सोबत संध्याकाळचा ताप, रात्रीचा घाम, वजन घटणं असं काही असलं, तर थांबू नका. काखेत न दुखणारी गाठ असेल तर स्तनही तपासून घ्या, कारण कर्करोगाची गाठ सुरुवातीला बहुधा दुखत नाही. गाठ चोळू नका, डागू नका, दाबून फोडू नका.

आज घरी गेल्यावर सासूला, जावेला, लेकीला एकदा विचारा, ‘कुठं गाठ तर नाही ना गं?’ कुणी हो म्हणाली, तर तिला एकटीला पाठवू नका. सोबत जा.