सचिनचा तो खेळ आणि फ्लॅश

आपली दहावी १९९७ ची. पुढच्या काही वर्षांत नगरला सायबर कॅफे आले आणि इंजिनिअरिंगला गेलेले आपण सुट्टीत ईमेल बघायच्या निमित्ताने तिथे खेळत बसू लागलो. ब्राउझरमधले ते खेळ बहुतेक फ्लॅशवर चालत. १९९६ मध्ये फ्यूचरस्प्लॅश नावाने निघालेले हे सॉफ्टवेअर मॅक्रोमीडियाने घेतले, आणि २००५ मध्ये ती अख्खी कंपनीच ॲडोबीने घेतली. थोडे शिकले की घरबसल्या खेळ करता येई, त्यामुळे चाहत्यांनी आपापल्या लाडक्या नायकांचे खेळ केले. २०१० च्या ‘सुपर मारिओ ब्रदर्स क्रॉसओव्हर’मध्ये मारिओच्या जगात दुसऱ्या खेळांतली पात्रे धावतात. आपल्याही तुकडीतल्या एकाने सचिनवर खेळ केला होता (कोणी, ते मेळाव्यात तो स्वतःच कबूल करेल) आणि जिओसिटीजवर टाकला होता.

२००९ मध्ये जिओसिटीज बंद झाले. स्वयंसेवकांनी त्यातली बरीच पाने उतरवून ठेवली, पण त्यांत हा खेळ मला सापडला नाही.

३१ डिसेंबर २०२० ला ॲडोबीने फ्लॅशचा आधार काढला आणि १२ जानेवारीपासून प्लेअरने फाइली चालवणेच थांबवले. सुरक्षेच्या दृष्टीने ते योग्यच होते. पण गत झाली मोडीसारखी. आपल्या वस्तुसंग्रहालयात मोडी कागद आहेत, वाचणारे मात्र मोजकेच.

इथे वाचणारा घडवला हौशी मंडळींनी. ‘रफल’ हा रस्ट भाषेत नव्याने लिहिलेला प्लेअर. इंटरनेट आर्काइव्हने नोव्हेंबर २०२० पासूनच तो वापरून जुने खेळ चालवले. ‘फ्लॅशपॉइंट’ने लाखाहून जास्त खेळ जमवले. त्यांची एक युक्ती मला फार आवडते. काही खेळ आपण मूळ संकेतस्थळावरच आहोत ना, हे तपासतात. फ्लॅशपॉइंट तुमच्याच संगणकावर त्या संकेतस्थळाचे सोंग उभे करते आणि खेळ बिनधास्त सुरू होतो! ज्यांचा अर्धा जीव सर्व्हरवर होता, त्यांचे मात्र अवघड आहे.

सचिनचा खेळ एकाच छोट्या फाइलचा होता. ती मिळाली तर रफलवर चालेल असे वाटते. त्या काळी आपण एकमेकांना सीडी भरून द्यायचो. माळ्यावर जुन्या सीडी असतील तर टाकू नका, मेळाव्याला घेऊन या. नावाच्या शेवटी ‘एसडब्ल्यूएफ’ असलेली फाइल शोधायची आहे. सीडी ड्राइव्ह मी आणते.