इक्तोमीच्या गोष्टी आणि शाळेतील पुस्तक : झित्काला-शा यांच्या बालकथा व प्रौढकथा

प्रस्तावना

अमेरिकेतील मूळ रहिवाशांच्या इतिहासाची साधने म्हणून करारनामे, जनगणना, लष्करी अहवाल आणि मिशनऱ्यांचा पत्रव्यवहार यांचा विचार पुष्कळ झाला आहे. मुलांना सांगितल्या गेलेल्या गोष्टींकडे मात्र इतिहासकार सहसा वळत नाहीत. त्या लोकसाहित्याच्या किंवा बालवाङ्मयाच्या खात्यात जमा होतात. यांक्टन सू जमातीतील लेखिका झित्काला-शा (१८७६–१९३८) यांच्या बाबतीत ही विभागणी विशेष अडचणीची ठरते. त्यांचे 'ओल्ड इंडियन लेजंड्स' (१९०१) हे पुस्तक मुलांसाठी आहे, तर 'अमेरिकन इंडियन स्टोरीज' (१९२१) प्रौढांसाठी. ग्रंथालयात ही पुस्तके दोन वेगळ्या कपाटांत असतात. वस्तुतः मुलाला गोष्ट कोणी सांगायची, कोणत्या भाषेत सांगायची आणि ती सांगण्याचा हक्क हिरावला गेल्यास समाजाचे काय होते, या एकाच प्रश्नाची ती दोन अंगे आहेत.

माळरानावरील संध्याकाळ

गर्ट्रूड सिमन्स या नावाने नोंदल्या गेलेल्या या मुलीचा जन्म डाकोटा प्रदेशातील यांक्टन राखीव क्षेत्रात झाला. वडील गोरे होते व ते घरात राहिले नाहीत. आईने तिला वाढवले. यांक्टन लोकांनी १८५८ च्या करारान्वये आपली बहुतेक भूमी संघराज्याला दिलेली होती. म्हणजे मुलीने जे बालपण पाहिले ते मुक्त भटकंतीचे नव्हते, उरलेल्या तुकड्यावरचे होते.

या बालपणाचे वर्णन त्यांनी १९०० च्या जानेवारीत 'अटलांटिक मंथली' या बोस्टनच्या प्रतिष्ठित मासिकात केले. संध्याकाळी आई तिला शेजारच्या वृद्धांना जेवायला बोलावण्यास पाठवी. कोणी कामात असेल तर आग्रह करायचा नाही, अशी ताकीद असे. जेवण आटोपल्यावर आईच्या मांडीवर डोके ठेवून, आकाशातील तारे पाहत ती इक्तोमीच्या गोष्टी ऐके. एका वृद्धेच्या हनुवटीवर निळ्या रेषा गोंदलेल्या होत्या. त्यांचा अर्थ विचारताच, त्या गुप्त खुणा आहेत, सांगता येत नाहीत, असे उत्तर मिळाले. ऐकणाऱ्याला सर्वच कळले पाहिजे असा या परंपरेचा आग्रह नव्हता.

याच लेखनात एक छोटा प्रसंग आहे. आई घरी नसताना एक आजोबा आले. मुलीने विझलेल्या राखेवर किटली ठेवून, आदल्या दिवशीच्या चोथ्यावर पाणी ओतले आणि ती 'कॉफी' पाहुण्यापुढे ठेवली. आजोबांनी ती गांभीर्याने स्वीकारली. आई परतल्यावर तिनेही हसू केले नाही. लहान मुलीने आतिथ्य केले आहे, तेव्हा त्याचा मान राखायचा, एवढेच दोघांना ठाऊक होते. आतिथ्य ही या जगातील पहिली नीती होती. पुढे त्यांनी मुलांसाठी निवडलेल्या कथांचा गाभाही तोच आहे.

भोक पडलेले पान

१८८४ मध्ये मिशनरी आले. पूर्वेकडे लाल सफरचंदांच्या बागा आहेत, आगगाडीत बसायला मिळते, या आमिषाने आठ वर्षांची मुलगी इंडियाना राज्यातील वॉबॅश येथील क्वेकरांच्या निवासी शाळेत गेली. तेथे केस कापले जाणार हे कळताच ती पलंगाखाली लपली. तिला ओढून काढून खुर्चीला बांधण्यात आले. डाकोटांमध्ये आखूड केस शोक करणाऱ्यांचे आणि भ्याडांचे लक्षण मानले जात. (नेमक्या याच काळात, १८८६ ते १८८८, पंडिता रमाबाई अमेरिकेत होत्या. १८८९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या 'युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त' या मराठी ग्रंथात तेथील मूळ रहिवाशांच्या वाट्याला आलेल्या अन्यायाचीही दखल आहे.)

केस कापण्याचा प्रसंग बहुतेक अभ्यासक उद्धृत करतात. कथनाच्या इतिहासाच्या दृष्टीने त्याहून मोलाचा प्रसंग दुसराच आहे. शाळेत तिला बायबलमधील गोष्टींचे सचित्र पुस्तक दाखवण्यात आले आणि सैतानाचे चित्र समोर धरून, नियम मोडणाऱ्या मुलींना हा छळतो, असे सांगण्यात आले. घरी वडीलधाऱ्यांनी दुष्ट शक्तींच्या गोष्टी सांगितल्या नव्हत्या असे नाही; परंतु चांगल्या शक्तीला उघड आव्हान देणारा असा कोणी सरदार त्यांत नव्हता. रात्री स्वप्नात सैतान आईच्या घरात तिचा पाठलाग करू लागला. दुसऱ्या दिवशी तिने तुटक्या पाटीवरच्या पेन्सिलीने चित्रातील डोळे खरवडून काढले. पानाला भोक पडले.

घरची गोष्ट निजवत होती, शाळेतील गोष्ट झोप उडवत होती. छापील सचित्र पुस्तकाशी झालेली ही तिची पहिली मोठी गाठ होय.

पुढे अर्लहॅम महाविद्यालयात शिक्षण, १८९६ च्या राज्यपातळीवरील वक्तृत्वस्पर्धेत दुसरे पारितोषिक आणि १८९७ मध्ये पेन्सिल्व्हेनियातील कार्लाइल निवासी शाळेत अध्यापिकेची जागा, असा प्रवास झाला. कार्लाइलसाठी नवी मुले गोळा करण्याकरिता त्यांना यांक्टनला पाठवण्यात आले, तेव्हा आईचे घर मोडकळीस आलेले आणि भोवताली गोऱ्या वसाहतकारांची वस्ती झालेली त्यांनी पाहिली. ज्या कामाने आपण घरातून नेले गेलो तेच काम आपल्या हातून करवून घेतले जात आहे, ही जाणीव त्यांना सहन झाली नाही. शतक संपण्यापूर्वीच कार्लाइल सोडून त्या व्हायोलिनच्या शिक्षणासाठी बोस्टनला गेल्या. 'झित्काला-शा', म्हणजे लाल पक्षी, हे लाकोटा नाव त्यांनी स्वतः घेतले.

मुलांसाठीचे पुस्तक

'ओल्ड इंडियन लेजंड्स' बोस्टनच्या गिन आणि कंपनीने काढले. ही शालेय पुस्तकांची प्रकाशनसंस्था होती, हे ध्यानात घेण्याजोगे आहे. चित्रे हो-चंक (विनेबागो) चित्रकर्ती एंजल डी कोरा यांची होती. सैतानाच्या चित्राला भोक पाडणाऱ्या मुलीने आता स्वतःचे सचित्र पुस्तक गोऱ्या मुलांच्या वर्गांपर्यंत पोहोचवले. प्रस्तावनेत त्यांनी दोन गोष्टी सांगितल्या आहेत. या कथा काळ्या केसांच्या मूलनिवासी बालकाइतक्याच निळ्या डोळ्यांच्या देशप्रेमी बालकाच्याही आहेत, ही एक. गेल्या काही शतकांत अमेरिकेला दुसरी भाषा मिळाली असल्याने आपण या कथा मुळासकट त्या भाषेत रुजवू पाहत आहोत, ही दुसरी. पहिले विधान सौम्य, जवळजवळ अनुनयाचे वाटते. दुसऱ्या विधानात इंग्रजी ही अमेरिकेची नंतर आलेली भाषा ठरते. बालवाचकाच्या नजरेतून हे निसटते. त्याच्या शिक्षिकेच्या नजरेतून निसटू नये, अशी योजना दिसते.

पुस्तकात १४ कथा आहेत. इक्तोमी हा कोळ्याच्या जातीचा कपटी, खादाड आणि बहुतेक वेळा स्वतःच फसणारा नायक आहे. आपल्याकडील गोष्टींतील कोल्ह्याशी त्याचे साम्य वाटेल, पण इक्तोमी अधिक हास्यास्पद आणि अधिक माणसाळलेला आहे. एका कथेत भुकेला इक्तोमी पुराणपुरुष मानलेल्या शिळेला आपली घोंगडी अर्पण करतो आणि त्याला हरीण मिळते. थंडी वाजू लागताच तो दिलेली घोंगडी काढून घेतो. परत येऊन पाहतो तो हरणाची केवळ हाडे उरलेली. दान देऊन परत घेणाऱ्याची ही कथा १९०१ च्या सू श्रोत्याला केवळ गंमत वाटली असेल, हे संभवत नाही. १८६८ च्या करारान्वये सू लोकांचे मानलेले ब्लॅक हिल्स १८७७ मध्ये सरकारने परत घेतले होते. तथापि कथा कराराहून जुनी आहे आणि तिला रूपक बनवून टाकणे योग्य नव्हे. तिचे सामर्थ्य असे की, ती मूळची मुलांची राहूनही नवे अर्थ झेलू शकते.

याहून बोलकी कथा बिज्जू आणि अस्वलाची. बिज्जूच्या घरी मांसाचा भरपूर साठा असतो. भुकेले अस्वल दारी येते. त्याला आत घेऊन खाऊ घातले जाते. ते रोज येऊ लागते, धष्टपुष्ट होते आणि एके दिवशी आपले कुटुंब आणून बिज्जूंनाच घराबाहेर काढते. पुढे बिज्जू आपल्याच दारी भीक मागतो आणि लाथा खातो. अस्वलाचे सर्वांत धाकटे पिल्लू तेवढे चोरून मांसाचा तुकडा त्याच्याकडे ढकलते. अखेर रक्ताच्या एका गुठळीतून प्रार्थनेच्या बळावर एक मानवी वीर प्रकट होतो आणि अस्वले पळ काढतात. ज्या मुलांचे आईबाप अस्वलाच्या जागी होते त्यांना लेखिकेने त्या धाकट्या पिल्लाची जागा देऊ केली, असे म्हणता येईल. निळ्या डोळ्यांच्या बालकाला घातलेली साद निव्वळ अनुनयाची नव्हती, ती येथे कळते.

तीच गोष्ट, मोठ्यांसाठी

१९०१ मध्येच 'हार्पर्स' मासिकात त्यांची 'द सॉफ्ट-हार्टेड सू' ही कथा आली. मिशनशाळेत अहिंसा शिकून आलेला तरुण शिकार करू शकत नाही. उपाशी बाप मरणाच्या दारात असताना तो गोऱ्याची गाय मारतो, पाठलाग करणाऱ्या माणसाची त्याच्या हातून हत्या होते आणि घरी येतो तो बाप गेलेला असतो. कार्लाइलच्या नियतकालिकाने या कथेवर कडक टीका केली.

'अमेरिकन इंडियन स्टोरीज' या १९२१ च्या संग्रहात ही कथा, 'अटलांटिक'मधील आत्मकथने आणि काही नवे लेखन एकत्र आले. त्यांतील 'ब्लू-स्टार वुमन'ची कथा बिज्जूच्या कथेशेजारी ठेवून वाचावी. १८८७ च्या डॉज कायद्याने जमातींच्या सामाईक जमिनी व्यक्तिशः वाटण्याचे धोरण आले. वाटा मिळवायचा तर आपला वंश कागदावर सिद्ध करणे भाग पडले. आईबापांविषयी काहीच ठाऊक नसलेल्या या वृद्धेकडे दोन शिकलेले इंडियन तरुण येतात. ती त्यांना आपल्या तुटपुंज्या अन्नातून खाऊ घालते. ते तिला जमीन मिळवून देण्याचे वचन देतात. मोबदला म्हणून अर्धी जमीन मागतात. भुकेला पाहुणा, दारातील स्वागत आणि मग घरावरच हक्क, हा क्रम तोच आहे. फरक इतकाच की अस्वलाच्या जागी आता गोरा नाही. इक्तोमी शहरी कपडे घालून स्वजातीयांच्याच दारात आला आहे. मुलांच्या पुस्तकात वीर प्रकट होतो. मोठ्यांच्या पुस्तकात तो प्रकट होत नाही. अन्यायाला विरोध करणाऱ्या वृद्ध नायकाला तुरुंगवास घडतो आणि त्याच्या सुटकेसाठी त्याच्या मुलाला त्याच ठकांशी अर्ध्या जमिनीचा सौदा करावा लागतो.

तीन वर्षांनी ही कथा अहवाल होऊन आली. 'ओक्लाहोमाज पुअर रिच इंडियन्स' (१९२४) या पाहणी-अहवालाच्या तीन लेखकांपैकी एक झित्काला-शा, म्हणजे गर्ट्रूड बॉनिन, या होत्या. तेलसंपन्न जमिनींच्या इंडियन वारसांना न्यायालयाने नेमलेले 'पालक' कसे लुबाडतात, याचा तो दस्तऐवज आहे. त्यात सात वर्षांच्या एका चॉक्टॉ मुलीची हकीकत आहे. तेलाच्या जमिनीची मालक असूनही ती आजीजवळ दारिद्र्यात राहत होती, आणि नंतर संशयास्पद स्थितीत मरण पावली. अहवालाची भाषा कायद्याची आहे, परंतु या मुलीपाशी येताच ती कथनाची होते. आकडे बाजूला राहतात. आजी, घर आणि न मिळालेले अन्न पुढे येते. त्याच वर्षी सर्व इंडियनांना नागरिकत्व देणारा कायदा संमत झाला. १९२६ मध्ये त्यांनी पती रेमंड बॉनिन यांच्यासह नॅशनल कौन्सिल ऑफ अमेरिकन इंडियन्स ही संस्था स्थापन केली आणि मृत्यूपर्यंत चालवली. १९२१ नंतर कथांचे नवे पुस्तक मात्र निघाले नाही.

दोन्ही पुस्तके दीर्घकाळ विस्मरणात होती. १९८५ मध्ये नेब्रास्का विद्यापीठाच्या प्रकाशनसंस्थेने ती एकाच वर्षी पुन्हा छापली. त्यांच्या कागदपत्रांत राहिलेल्या अप्रकाशित कथा, कविता आणि १९१३ च्या 'सन डान्स' ऑपेराची संहिता २००१ मध्ये 'ड्रीम्स अँड थंडर' या नावाने एका खंडात निघाली.