पडद्यामागचे कागद

नाटक छापून वाचायची मराठी माणसाला जुनी सवय आहे. ‘एकच प्याला’चा एकही प्रयोग न पाहिलेली माणसे त्यातले प्रवेश घडाघडा म्हणून दाखवतात. तालुक्याच्या गावातल्या वाचनालयातही नाटकांचे एक कपाट असते आणि हौशी मंडळांनी हाताळून हाताळून त्यातल्या प्रतींचे कोपरे दुमडलेले असतात. चित्रपटाच्या वाट्याला हे भाग्य आले नाही. ज्या चित्रपटांवर आपल्या तीन पिढ्या पोसल्या, त्यांचे लेखन कुणाच्या कपाटात सापडत नाही. खेळ संपला, दिवे लागले, की लेखकाचे काम हवेत विरले. पटकथा नावाचा एक कागद असतो, तो कुणीतरी रात्र जागून लिहिलेला असतो, हे प्रेक्षकाच्या गावीही नसते. हा कागद छापील पुस्तक होऊन वाचकापर्यंत कसा आला, आणि बहुतेक वेळा कसा आला नाही, याची ही हकीकत.

आपल्याकडे चित्रपटाचे जुने छापील वाङ्मय म्हणजे गाण्यांची चोपडी. थिएटरच्या दारात ती विकत मिळे. वर नायक-नायिकेचे चित्र, आत नटनट्यांची नावे, गाणी, आणि हिंदी, उर्दू, इंग्रजी, क्वचित गुजराती अशा दोन-तीन लिप्यांत कथासार. हे कथासार मोठे लबाड असे. नायिका संकटात सापडली, खलनायक दाराशी आला, की लेखणी थांबायची आणि पुढचे पडद्यावर पाहा असे सांगून मोकळी व्हायची. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभे राहिले. तिथे फिल्मबरोबर अशा चोपड्याही जमवल्या गेल्या, हे फार चांगले झाले. फिल्म जळते, विरते, एकेकाळी तर तिच्यातल्या चांदीसाठी ती वितळवलीही गेली. पहिला भारतीय बोलपट ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात लागला. आज त्याची एकही प्रत शिल्लक नाही. कागद मात्र चिवट असतो. पण चोपडीमुळे टिकली ती गाणी. माणसे एकमेकांशी काय बोलली, ते गेले.

‘आलम आरा’ जोसेफ डेव्हिड यांच्या नाटकावर बेतलेला होता. पारशी नाटक कंपन्यांत संवाद लिहिणाऱ्याला मुन्शी म्हणत. बोलपटाने तो शब्द उचलला आणि त्याबरोबर त्याची पायरीही उचलली. मुन्शी म्हणजे तसा कारकूनच. महिन्याच्या पगारावर स्टुडिओत बसायचे, दिग्दर्शकाने प्रसंग सांगायचा आणि मुन्शीने त्याला जबान द्यायची. लिहायचे ते उर्दू लिपीत. मग कुणी साहाय्यक ते देवनागरीत किंवा रोमनमध्ये उतरवून नटांच्या हाती देणार. प्रभातच्या हिंदी चित्रपटांच्या श्रेयनामावलीत मुन्शी अझीझ हे नाव दिसते, ते याच परंपरेतले. एका लिपीतून दुसऱ्या लिपीत जाताना नुक्ते गळायचे. मराठी माणसाला यात नवल वाटणार नाही. आपण ‘जग’ आणि ‘जहाज’ यांतले ज वेगवेगळे उच्चारतो आणि लिहितो मात्र एकच!

या खुर्चीवर मोठमोठी माणसे बसून गेली. प्रेमचंद १९३४ साली अजंता सिनेटोनसाठी मुंबईत आले, ‘मजदूर’ची कथा लिहिली आणि पुढल्याच वर्षी परत गेले. मंटो बराच काळ टिकला. मुंबईत त्याने स्टुडिओंची नोकरी केली आणि १९४८ साली पाकिस्तानात गेला. त्याची एक कथा मागे राहिली होती, गालिबच्या आयुष्यावरची. तिच्यावरून सोहराब मोदींनी ‘मिर्झा गालिब’ काढला. संवाद राजिंदर सिंह बेदींचे, गालिब भारतभूषण आणि त्याच्यावर जीव लावणारी सुरैया. १९५४ सालच्या चित्रपटांत राष्ट्रपती सुवर्णपदक याच चित्रपटाला मिळाले. मंटो १८ जानेवारी १९५५ रोजी लाहोरमध्ये वारला. मुंबईतल्या नटनट्यांची त्याने लिहिलेली शब्दचित्रे आज मराठी वाचकालाही ठाऊक आहेत. त्याच मंटोच्या चित्रपटकथा मात्र किती जणांनी वाचल्या असतील?

अख्तर-उल-इमान यांचे उदाहरण मला, कवी म्हणून, फार ओढ लावते. उर्दूतले हे पहिल्या रांगेतले कवी. ‘यादें’ या संग्रहासाठी १९६२ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्यांना मिळाला. चित्रपटात कवी गेला की गाणी लिहितो, असा आपला समज. त्यांनी संवाद लिहिले. ‘कानून’ १९६० चा. त्यात तर एकही गाणे नाही. ‘वक्त’ १९६५ चा. त्यातल्या राजकुमारच्या तोंडची वाक्ये लोक अजून म्हणतात, पण ती एका अकादमीविजेत्या कवीची आहेत हे म्हणणाऱ्याला माहीत नसते. कवितेत त्यांनी टाळ्यांची वाक्ये कटाक्षाने टाळली. पोटापाण्यासाठी तीच लिहिली, आणि ती इतकी घट्ट लिहिली की नटाला बोलताना सैल होता येऊ नये. एकाच माणसाचे हे दोन हात शेजारी ठेवून कुणीतरी अभ्यासायला हवेत. त्यासाठी संवाद कागदावर हवेत.

मुन्शीची पायरी बदलली ती सलीम-जावेद यांच्यामुळे. १९७३ साली ‘जंजीर’ लागला तेव्हा पोस्टरवर लेखकांची नावे नव्हती, म्हणून या जोडीने माणूस लावून मुंबईतल्या पोस्टरांवर स्वतःची नावे रंगवून घेतली, हा किस्सा सर्वश्रुत आहे. दोन वर्षांनी ‘शोले’ आला. त्यानंतर पॉलिडोरने जे केले ते मला आजही अचंब्याचे वाटते. गाण्यांची तबकडी तर निघालीच, पण संवादांचीही निघाली आणि ती धो धो खपली. लग्नाच्या मांडवात, उपाहारगृहात लोक गाण्याऐवजी संवाद वाजवू लागले. म्हणजे ऐकणारे होते, पाठ करणारे होते. छापणारा तेवढा नव्हता.

आणि ते छापले नाहीत म्हणून काय झाले, तेही ‘शोले’तच पाहावे. सलीम-जावेद यांनी लिहिलेल्या आणि रमेश सिप्पींनी चित्रित केलेल्या शेवटात ठाकूर गब्बरला खिळ्यांच्या बुटांनी ठार करतो. आणीबाणी होती. माजी पोलीस अधिकारी कायदा हातात घेतो, हे सेन्सॉरला मंजूर नव्हते. मग शेवट पुन्हा चित्रित झाला. ऐन क्षणी पोलीस येतात आणि गब्बरला बेड्या पडतात. इमामसाहेबांच्या मुलाचा, म्हणजे आपल्या सचिनने केलेल्या अहमदचा, मृत्यूही कापला गेला. मूळ शेवट मागाहून परदेशी व्हिडिओ प्रतींत फिरत राहिला, पण पूर्ण चित्रपट नीट दुरुस्त होऊन पडद्यावर यायला २०२५ उजाडले. पन्नास वर्षे! नाटकाचा प्रयोग सेन्सॉरने कापला तरी संहिता वाचनालयात मिळते. पटकथा तशी मिळत असती, तर दोन शेवट शेजारी ठेवून वाचक केव्हाच वाद घालू शकला असता. मला विचाराल तर ठाकूर तिथे थांबतो हे मला कधीच पटले नाही. अख्खी कथा त्या पायांकडे चाललेली असते.

छापील संवादांचे मोठे काम झाले ते अलीकडे. नसरीन मुन्नी कबीर यांनी ‘मुघल-ए-आझम’चे संपूर्ण संवाद २००७ साली ऑक्सफर्डकडून पुस्तकरूपाने आणले. पाठोपाठ ‘आवारा’ आणि ‘मदर इंडिया’, मग ‘प्यासा’. एकच वाक्य उर्दूत, देवनागरीत, रोमनमध्ये, आणि जोडीला इंग्रजी अनुवाद. (मूळ हे नभोवाणीवर बोललो तेव्हा पान दाखवायची सोय नव्हती. आता छापील पानात एवढे सांगतो, की वाचताना नजर सारखी या कडेहून त्या कडेला जाते.) आमच्या घरी दखनी बोलत, शिक्षण मराठीत, उर्दू लिपी मी अक्षरे जुळवत वाचतो. देवनागरीत अडलो की उर्दूकडे जातो, उर्दूत अडलो की देवनागरीकडे. ‘मुघल-ए-आझम’चे संवाद चौघांनी लिहिले: अमान, कमाल अमरोही, वजाहत मिर्झा आणि एहसान रिझवी. पडद्यावर पृथ्वीराज कपूर यांचा आवाज इतका भारी, की वाक्य नीट ऐकूच येत नाही. कागदावर कळते, की दरबारातला अकबर आणि जोधाबाईसमोरचा अकबर यांच्या भाषेत अंतर ठेवले आहे. ‘आवारा’च्या कथेवर ख्वाजा अहमद अब्बास यांच्याबरोबर व्ही. पी. साठे हे नाव आहे. मराठी वाचकाने तिथे क्षणभर थांबायला हरकत नाही.

पण ही पुस्तके पडद्यावरून उतरवून घेतलेली आहेत. म्हणजे चित्रपट आधी, कागद नंतर. लेखकाच्या हातचा कागद त्यातही नाही.

तो हवा असेल तर गुलजारांकडे जावे लागते. त्यांनी आपल्या पटकथा ‘मंजरनामा’ या नावाने दिल्लीच्या राधाकृष्ण प्रकाशनाकडून काढल्या: ‘आँधी’, ‘अंगूर’, ‘इजाजत’, ‘माचिस’ आणि आणखी कितीतरी. कॅमेऱ्याच्या खुणा बाजूला ठेवून सलग वाचता येईल असा हा प्रकार. ‘इजाजत’ १९८७ चा, सुबोध घोष यांच्या बंगाली कथेवरचा. पावसाळी रात्र, रेल्वेचे प्रतीक्षालय, वेगळे झालेले नवरा-बायको. वाचताना लक्षात येते की ओळींपेक्षा ओळींमधली जागा अधिक लिहिलेली आहे. कादंबरीकाराने इथे दोन पाने मनातले विचार भरले असते. पटकथाकाराला ती मुभा नसते, त्याला माणूस उठून खिडकी लावतो एवढेच लिहिता येते. कविता लिहिणाऱ्याने हे जरूर वाचावे. ‘मिर्झा गालिब’ या १९८८ च्या दूरदर्शन मालिकेचा मंजरनामाही उपलब्ध आहे. मंटोचा गालिब वाचायला मिळाला असता, तर केवढी जोडी जमली असती.

सत्यजित राय यांचा कागद आणखी निराळा. ‘पथेर पांचाली’साठी त्यांनी रूढ पटकथा केलीच नाही, चित्रांची वही केली. पुढेही ते लाल कापडी बांधणीच्या, दुकानदार जमाखर्चाला वापरतात तसल्या वह्यांत लिहीत राहिले. ती पहिली चित्रवही त्यांनी पॅरिसच्या चित्रपट संग्रहालयाला दिली आणि तिथे ती हरवली. पुढे तिच्या प्रतिमा हाती लागल्या आणि २०१६ साली पुस्तक निघाले.

पटकथा कशी लिहावी हे सांगणारी पुस्तके आता दुकानात थप्पीने दिसतात. सिड फील्ड यांचे १९७९ चे पुस्तक त्यांचे मूळपुरुष. एक पान म्हणजे एक मिनिट, एकशेवीस पाने, तीन अंक, अमुक पानाच्या आसपास कथेने वळण घ्यायचे. हिशेब चोख आहे, पण त्यात मध्यंतर नाही! आपल्याकडे प्रेक्षक वडा खायला बाहेर जातो तेव्हा त्याला परत आणण्याची जबाबदारी लेखकावर असते. त्यापेक्षा मनोहर श्याम जोशी यांचे ‘पटकथा लेखन : एक परिचय’ मला जवळचे वाटते. ‘हम लोग’ आणि ‘बुनियाद’ लिहिलेला माणूस, गप्पा मारत शिकवतो.

मराठीत आठवणींची कमतरता नाही. ‘शांतारामा’ आहे, विश्राम बेडेकरांचे ‘एक झाड आणि दोन पक्षी’ आहे, आणि त्यात चित्रपट लिहिण्याची धडपड फार सुंदर आली आहे. हे वाचताना माझे मन नेहमी १९४१ च्या ‘शेजारी’वर येऊन थांबते. कथा बेडेकरांची. पाटील आणि मिर्झा, जिवाभावाचे दोन शेजारी, धरणाच्या कामावरून त्यांच्यात पाडलेली फूट. मराठीत केशवराव दाते पाटील आणि गजानन जागीरदार मिर्झा. हिंदी ‘पडोसी’त मिर्झा जागीरदारच, पण त्यांचा हिंदू शेजारी ठाकूर झाले मझहर खान. म्हणजे हिंदू नट मुसलमान आणि मुसलमान नट हिंदू. शांतारामबापूंनी हे देशात हवा तापलेली असताना केले. तोच प्रसंग, तेच अंगण, तेच भांडण एकदा मराठीत आणि एकदा हिंदुस्थानीत लिहिले गेले. मिर्झा मराठीत रुसतो तेव्हा कोणते शब्द वापरतो आणि हिंदुस्थानीत रुसतो तेव्हा कोणते? तबकडीवरून ऐकून मी थोडे टिपले आहे. दोन्ही संहिता समोरासमोरच्या पानांवर छापल्या, तर फार मोठे पुस्तक होणार नाही. दोनेकशे पानांत बसेल.