ग्लेनची माणसं

आयर्लंडमधल्या कॉर्क शहराच्या उत्तरेला ब्लॅकपूल ही जुनी कामकऱ्यांची वस्ती. एके काळी इथं कातडी कमावण्याचे कारखाने होते, व्हिस्कीच्या भट्ट्या होत्या, पुढं सनबीमची गिरणी आली आणि घराघरातल्या मुली तिथं कामाला जाऊ लागल्या. त्यातलं आज काही चालू नाही. चालू आहे तो ग्लेन रोव्हर्स, १९१६ साली स्थापन झालेला हर्लिंगचा क्लब. त्याचं पूर्ण नाव इथं कुणी घेत नाही. सगळ्यांच्या तोंडी नुसतं ‘द ग्लेन’.

माझ्या शेजारच्या आजोबांची सगळी हयात या वस्तीत गेली. ओळख झाली तेव्हा त्यांनी माझं शिक्षण, नोकरी काही विचारलं नाही. “तुमच्या गल्लीचा संघ कुठला?” एवढाच प्रश्न. मी कोल्हापूरची. आमच्याकडे पेठापेठांतल्या तालमी फुटबॉल खेळतात, पाटाकडील तालमीचा सामना असला की अख्खं घर स्टेडियमवर लोटतं, हे सांगितल्यावर आजोबा खुर्चीत सरसावून बसले. “मग तुला सांगण्यात अर्थ आहे,” म्हणाले.

त्यांनी आतून आपली काठी आणली. हर्लिंग हा पंधरा-पंधरा जणांचा खेळ. चामड्याचा लहान चेंडू काठीनं जमिनीवर आणि हवेतही मारायचा. तो जाळ्यात गेला तर गोल, म्हणजे तीन गुण. आडव्या दांडीवरून गेला तर एक. काठी अ‍ॅश झाडाच्या बुंध्याच्या, मूळ जिथं वळतं त्या भागातून काढतात, म्हणजे लाकडाचे रेषे काठीच्या बाकाबरोबर वळतात आणि ती सहजी मोडत नाही. आजोबांच्या काठीच्या पसरट टोकाला पत्र्याची पट्टी बारीक खिळ्यांनी ठोकलेली होती. मूठ हाताच्या घामानं काळी पडली होती. अंगठा ठेवायच्या जागी लाकूड चक्क झिजलं होतं.

क्लबचा जन्म झाला तेच ब्रिटिश सत्तेविरुद्धच्या ईस्टरच्या उठावाचं वर्ष. उठाव चिरडला गेला, पुढाऱ्यांना गोळ्या घातल्या गेल्या. ग्लेनच्या हिरव्या-सोनेरी जर्सीत काळा रंग आला तो त्या माणसांच्या सुतकाचा, असं वस्तीतले थोर सांगतात. पुढं चार वर्षांत मृत्यू याच वस्तीत आला. २० मार्च १९२० च्या पहाटे तोंडं काळी केलेली माणसं थॉमस डेव्हिस स्ट्रीटवरच्या घरात घुसली आणि कॉर्कचे लॉर्ड मेयर टोमास मॅक कर्टन यांना त्यांनी गोळ्या घालून मारलं. त्या दिवशी मॅक कर्टन छत्तीस वर्षांचे होत होते. आजोबांची आई तेव्हा बारा-तेरा वर्षांची. जिन्यावरचे पाय आणि मग बायकांचा आक्रोश तिनं अंथरुणातून ऐकला, आणि म्हातारपणापर्यंत ती ही गोष्ट आवाज खाली आणूनच सांगायची.

अशा वस्तीला मान वर करून चालायला काहीतरी हवं होतं. शहरात दबदबा ब्लॅकरॉक आणि सेंट फिनबार्स या जुन्या क्लबांचा. १९३४ साली ग्लेननं पहिल्यांदा काउंटीचं अजिंक्यपद मिळवलं आणि १९४१ पर्यंत ते सोडलंच नाही. ओळीनं आठ वर्षं! आजोबांचे वडील सामन्याच्या दिवशी कारखान्यातून थेट मैदान गाठत. घरी आल्यावर स्वयंपाकघरात टेबलावर बशा मांडून प्रत्येक गोल पुन्हा करून दाखवत. आजोबा हर्लिंग आधी त्या बशांवर शिकले.

त्या संघात जॅक लिंच होता. शँडनच्या घंटांच्या आवाजात वाढलेला हा मुलगा पुढं वकील झाला, दोनदा आयर्लंडचा पंतप्रधान झाला. १९४१ ते १९४६ अशी ओळीनं सहा अखिल-आयर्लंड पदकं त्यानं कॉर्ककडून जिंकली, पाच हर्लिंगची आणि एक गेलिक फुटबॉलचं. १९४१ मध्येच क्लोइन गावचा क्रिस्टी रिंग ग्लेनकडे आला. तो लॉरी चालवायचा. या खेळात पगार तेव्हाही नव्हता, आजही नाही. उद्याचा पंतप्रधान आणि लॉरीवाला एकाच बाकावर बसून बुटाच्या नाड्या बांधत. वस्तीला त्यात नवल वाटलं नाही, आणि मला ग्लेनची सगळ्यात मोठी कमाई हीच वाटते.

रिंगनं आठ अखिल-आयर्लंड पदकं जिंकली. नववं १९५६ मध्ये हाताशी आलं होतं. शेवटच्या मिनिटांत त्याचा फटका वेक्सफर्डच्या आर्ट फोलीनं अडवला आणि सामना गेला. आजोबा तेव्हा कोवळे तरुण, वडिलांबरोबर डब्लिनला गेलेले. शिट्टी वाजल्यावर निक ओ’डॉनेल आणि बॉबी रॅकार्ड या वेक्सफर्डच्या दोघांनी रिंगला खांद्यावर उचललं आणि मैदानाबाहेर नेलं. जिंकलेल्यांनी हरलेल्याला! “बाबांना रडताना मी तेव्हाच पाहिलं,” आजोबा म्हणाले, “हरल्यामुळं नाही, त्या खांद्यांमुळं.”

२ मार्च १९७९ रोजी कॉर्कच्या रस्त्यात रिंगला हृदयविकाराचा झटका आला आणि तो गेला. क्लोइनला त्याच्या थडग्यापाशी भाषण केलं पंतप्रधान जॅक लिंच यांनी. आजोबांच्या पत्नीनं, सनबीममध्ये काम केलेल्या आजींनी, इथं मध्येच त्यांना थांबवलं. “पंतप्रधान नव्हे,” त्या म्हणाल्या, “त्या दिवशी तो ग्लेनचा जॅक होता.”

पुढं दिवस फिरले. १९८३ मध्ये शहरातला डनलपचा कारखाना बंद झाला, १९८४ मध्ये फोर्डचा, नव्वदच्या दशकात सनबीमही. पोरं लंडनला गेली, बोस्टनला गेली. १९८९ नंतर ग्लेनला काउंटीचं अजिंक्यपद मिळेना. पण क्लब बंद पडला नाही, कारण तो बंद करायला त्याला मालकच नव्हता. कुणी मैदानाचं गवत कापलं, कुणी जर्सी धुतल्या, आजींनी वर्षानुवर्षं चहाच्या किटल्या भरल्या. लहान पोरांचा सराव पावसातही चुकला नाही. अखेर सव्वीस वर्षांनी, २०१५ मध्ये, पद परत आलं आणि शताब्दीच्या वर्षी, २०१६ मध्ये, ग्लेननं ते राखलं.

गिरण्यांचा इतिहास हिशेबाच्या वह्यांत राहतो आणि वह्या बंद झाल्या की संपतो. ग्लेनचा इतिहास आजोबांच्या नातवाला तोंडपाठ आहे, बशांसकट. आता तो दहा वर्षांखालच्या संघात खेळतो, आणि कोण जिंकलं याआधी कोण कसं वागलं ते घरी येऊन सांगतो.