चुलीत काय घालायचं?

माझ्या आजीच्या चुलीला बाभळच लागायची. बाभळीचा निखारा टिकतो. त्याच्यापुढं उभी केलेली भाकर टम्म फुगते. लिंबाचं लाकूड ती घालू देत नसे, भाकरीला कडू वास लागतो म्हणायची. पेटवणाला तुराटी, पऱ्हाटी.

१९७२ च्या दुष्काळात रानात तूरच नाही, तर तुराटी कुठली? दिवसभर खडी फोडायची अन् येताना हाताला लागेल ते डोक्यावर आणायचं. निवडायला होतंच काय!

आता माळावर, नदीकाठी वेडी बाभळ माजलीय. ती मूळची अमेरिकेकडची. इंग्रजांच्या काळात, १८७० नंतर इकडं आली. जनावरं तिचा पाला खात नाहीत, शेंगा खातात, अन् शेणातून बी पसरतं. ओलसर असली तरी जळते. पण काटा पायात मोडला की आठ दिवस मजुरी बुडाली.

२०१६ ला उज्ज्वलाचा गॅस आला. पण ऊसतोडीला निघालं की टाकी घरीच. कोपीपुढं तीन दगड अन् उसाचं पाचट. भडकन पेटतं, लगेच विझतं. सारखं सारत बसावं लागतं, डोळे चुरचुरतात. म्हणून आमच्या गटातल्या बाया कोयत्यासोबत बाभळीची एक मोळीही गाडीत टाकतात.