विसरायला आधी काही पाठ असावं लागतं

हौशी नाटकातली हमखास फजिती कोणती? ऐन प्रवेशात वाक्य विसरणं. विंगेतून प्रॉम्प्टर कुजबुजतो. ते नटाला ऐकू येत नाही, तिसऱ्या रांगेला मात्र स्पष्ट ऐकू येतं. पण मराठी रंगभूमीच्या सुरुवातीला नटांच्या वाट्याला ही फजिती यायची सोयच नव्हती.

5 नोव्हेंबर 1843 रोजी सांगलीत, चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयाने, विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ केलं. पदं भाव्यांनी रचलेली, गायची सूत्रधाराने. पात्रांना लिहिलेले संवाद नव्हतेच. पद संपलं की त्याचा अर्थ धरून ज्याने त्याने आपल्या शब्दांत बोलायचं. कुणी अडलंच तर सावरायला सूत्रधार आणि विदूषक होतेच. आमच्या सॉफ्टवेअरच्या भाषेत, बॅकअप स्टेजवरच उभा! राक्षसाचं काम तर आणखी सोपं: हातात तलवार, राळेचा भडका आणि ‘अललडुर्र’ अशी आरोळी. यात चुकणार काय?

मग 1861 मध्ये विनायक जनार्दन कीर्तने यांचं ‘थोरले माधवराव पेशवे’ आलं. पुस्तकातले संवाद पाठ करून होणारी अशी नाटकं ‘बुकिश’ म्हणून ओळखली जाऊ लागली. नव्या शिकलेल्या पिढीने जुन्या खेळांना ‘अललडुर्र’, ‘तागडथोम’ म्हणून हिणवलं. लिखित नाटकाने मराठीला पुष्कळ दिलं: नेमके शब्द, इतिहासातली हाडामांसाची माणसं. पण वाक्य ठरलं, तशी ते चुकण्याचीही सोय झाली.

1954 पासून राज्य नाट्य स्पर्धेने गावोगावच्या हौशी मंडळींना मोठा मंच दिला. आमच्या कारंजा लाडसारख्या ठिकाणी हौशी नाटक म्हणजे दुकान, शाळा, वावर सांभाळून रात्री केलेली तालीम. पूर्वी इथली फजिती चार दिवस चौकात हसण्यावारी जायची. आता ती कुणाच्या तरी मोबाईलमध्ये रेकॉर्ड होते, ग्रुपवर फिरते आणि पुढच्या वर्षी तो पोरगा तालमीला येतच नाही. नाटक पडलं तर पुन्हा उभं करता येतं, पण नट पळाला तर काय करणार?

म्हणून भाव्यांची युक्ती अजून कामाची आहे. तालमीत एक दिवस संहिता मिटून ठेवा आणि तोच प्रवेश आपल्या वऱ्हाडीत बोलून बघा. काय सांगायचंय हे ज्याला कळलं, तो वाक्य विसरला तरी गप्प उभा राहत नाही. आणि प्रेक्षकांत बसलेल्यांनो, तेवढा वेळ फोन खिशात ठेवा. हसा, पण तिथेच, त्याच्यासमोर.